केळफाची कात्री

वऱ्हाडातल्या शेंदूरजनाघाटात संत्र्याची कलमं बांधणाऱ्याचा हात एकदा जवळून पाहावा. जंभेरीच्या बियांपासून वाढवलेलं रोप पेन्सिलीएवढं जाड झालं की तो त्याच्यासमोर उकिडवा बसतो. जमिनीपासून वीतभर उंचीवर सालीला एक उभी आणि एक आडवी चीर देतो, चाकूच्या टोकानं साल अलगद उचलतो, चांगल्या झाडाच्या फांदीवरून काढलेला डोळा त्या फटीत सरकवतो आणि प्लास्टिकची पट्टी आवळून बांधतो. सराईत हाताला मिनिटभरही लागत नाही. मग तीनेक आठवडे वाट पाहायची. डोळा हिरवा राहिला की वऱ्हाडात म्हणतात, ‘डोया लागला’. काळा पडला की तो खुंट पुन्हा बांधायचा. खुंट जंभेरीचा आणि फळ नागपुरी संत्र्याचं, अशी दोन झाडं एका झाडासारखी वाढतात. पुढं बागेत उभं राहून कुणी सांधा शोधू लागला, तर बुंध्याशी वाकून पाहिल्याशिवाय तो सापडत नाही.

चित्रपटाचं संकलन म्हणजे काय, हे मला पुस्तकातून कळण्याआधी या हाताकडं पाहून कळलं होतं. दोन निराळ्या ठिकाणी, निराळ्या वेळी जन्मलेले तुकडे घ्यायचे, दोघांचाही थोडा थोडा भाग तासून टाकायचा आणि ते असे जोडायचे की त्यांच्यातून एकच रस वाहावा. जुन्या फिल्मचा सांधा खरोखर तसाच करत. पट्टीच्या टोकावरचा चित्राचा थर ओला करून खरवडायचा, उघड्या पडलेल्या भागावर फिल्म चिकटवण्याचं सिमेंट लावायचं, दुसऱ्या पट्टीचं टोक त्यावर चढवायचं आणि दाबून धरायचं. नीट खरवडलं नाही तर सांधा प्रोजेक्टरमध्ये सुटतो. कलम बांधणाऱ्यालाही हे समजावून सांगावं लागणार नाही.

या प्रकरणात सांगायचं आहे ते अशा एका माणसाबद्दल, जो कॅमेऱ्यासमोरही उभा राहिला आणि कात्री घेऊनही बसला. त्याच्या पाठीशी कुठली मोठी कंपनी नव्हती. स्वतःची विमा पॉलिसी आणि बायकोचे दागिने एवढंच भांडवल होतं. नाव सगळ्यांना माहीत आहे, धुंडिराज गोविंद फाळके. पण ‘भारतीय चित्रपटाचे जनक’ म्हणून त्यांना हार घालताना दोन गोष्टी मागं राहतात. एक, फाळके पडद्यावर स्वतः दिसले आहेत. दोन, त्यांच्या चित्रपटांतला चमत्कार सगळ्यात जास्त त्यांच्या कात्रीतून आला. या दोन गोष्टी मला एकच वाटतात, आणि त्यांना जोडणारा दुवा जादूच्या खेळात आहे.

फाळक्यांचा जन्म 30 एप्रिल 1870 रोजी त्र्यंबकेश्वरला झाला. 1885 मध्ये मुंबईच्या जे. जे. कला शाळेत, मग बडोद्याच्या कलाभवनात, पुढं गोध्र्याला फोटोग्राफीचा स्टुडिओ, पुरातत्त्व खात्यात नोकरी, लोणावळ्याला आणि नंतर दादरला छापखाना असा त्यांचा प्रवास झाला. चाळिशीपर्यंत या माणसानं जे जे हातात घेतलं, त्यात चित्र होतं आणि यंत्रही होतं. याच काळात एका परदेशी जादूगाराकडून ते हातचलाखी शिकले. नुसते शिकले नाहीत, तर ‘प्रोफेसर केळफा’ या नावानं प्रयोगही करू लागले. फाळके हे आडनाव उलटं वाचलं की केळफा होतं. पुढं चित्रपट काढू लागल्यावर त्यांनी या केळफालाही कॅमेऱ्यासमोर उभं केलं आणि त्याच्या जादूचा लघुपट केला. भारतीय चित्रपटाचा पहिला मोठा दिग्दर्शक नट म्हणून पडद्यावर आला तो असा, जादूगाराच्या वेशात, स्वतःचंच नाव उलटं लावून.

जादूगार काय करतो? तो पाहणाऱ्याचं लक्ष एका हाताकडं वळवतो आणि दुसऱ्या हातानं काम उरकतो. पाहणाऱ्याला सुरुवात दिसते, शेवट दिसतो, मधला क्षण दिसत नाही. तो मधला क्षण लपवण्यासाठी रंगमंचावर रुमाल लागतो, बाही लागते, पेटीला दुहेरी तळ लागतो. चित्रपटात यातलं काहीच लागत नाही. कॅमेरा थांबवायचा, समोरच्यांनी होतं तसं उभं राहायचं, एक वस्तू उचलून तिच्या जागी दुसरी ठेवायची आणि कॅमेरा पुन्हा सुरू करायचा. पडद्यावर सुरईचा माणूस होतो.

इथं एक बारकावा आहे, आणि सगळी गंमत त्यातच आहे. तेव्हाचा कॅमेरा हातानं फिरवायचा असे. थांबताना आणि सुरू होताना त्याचा वेग मंदावतो, त्यामुळं त्या जागच्या चौकटींवर जास्त उजेड पडतो आणि त्या पांढुरक्या दिसतात. तसंच चालवलं तर नेमक्या चमत्काराच्या क्षणी पडदा लखकन उजळेल आणि चोरी उघडी पडेल. म्हणून नंतर पट्टी हातात घेऊन त्या चौकटी कापाव्या लागतात आणि चांगल्या चौकटी एकमेकींना भिडवाव्या लागतात. जादू कॅमेऱ्यासमोर अर्धी होते, उरलेली अर्धी टेबलावर. आणि समोरच्या नटाला हे ठाऊक असावं लागतं. हात कुठं थांबवायचा, मान किती वळवून गोठवायची, पुन्हा सुरू करताना कुठून उचलायची, हे त्याला कळलं नाही तर कात्री कितीही तयार असली तरी सांधा उघडा पडतो. कुठं कापलं जाणार हे आधी ओळखून वावरणं हा अभिनयाचाच एक प्रकार आहे. नाटकाच्या नटाला त्याची गरज कधी पडली नव्हती.

पॅरिसमध्ये हीच वाट फाळक्यांच्या आधी एकानं तुडवली होती. झॉर्झ मेलिएस हासुद्धा जादूगार. त्याचं स्वतःचं जादूचं थिएटर होतं. तो स्वतःच्या पैशानं चित्रपट काढायचा आणि त्यांत स्वतःच काम करायचा. 1902 च्या ‘चंद्रावरची सफर’ या चित्रपटातल्या खगोलशास्त्रज्ञांचा म्होरक्या तोच आहे. त्याच्या चित्रपटांत वस्तू पटकन नाहीशा होतात तिथं बरीच वर्षं लोकांना वाटत होतं, यानं नुसता कॅमेरा थांबवला. पुढं अभ्यासकांनी जुन्या पट्ट्या तपासल्या तेव्हा त्या जागी सांधे सापडले. मेलिएसनं तिथंही कात्री चालवली होती. दोन देशांतले दोन जादूगार एकाच अडचणीतून गेले आणि एकाच अवजारापाशी पोचले, हे मला फार बोलकं वाटतं.

मुंबईच्या एका तंबूतल्या पडद्यावर ख्रिस्ताचं चरित्र पाहिल्यापासून फाळक्यांना चित्रपटानं झपाटलं. त्या काळात त्यांनी डोळ्यांना इतका ताण दिला की काही दिवस दिसेनासं झालं होतं. विमा पॉलिसी गहाण टाकून ते फेब्रुवारी 1912 मध्ये लंडनला गेले. ‘बायोस्कोप’ साप्ताहिकाच्या संपादकाच्या ओळखीनं सेसिल हेपवर्थचा स्टुडिओ त्यांनी पाहिला, विल्यमसन कॅमेरा घेतला, कोऱ्या फिल्मला भोकं पाडायचं यंत्र घेतलं आणि दोनेक महिन्यांत परतले.

आल्यावर त्यांनी पहिल्यांदा काय टिपलं, हे वऱ्हाडातल्या रोपवाटिकेवाल्यांनी मुद्दाम लक्षात ठेवावं. त्यांनी कुंडीत वाटाणा पेरला, समोर कॅमेरा रोवला आणि ठरावीक वेळानं एकेक चौकट घेत राहिले. दाणा फुटला, कोंब वर आला, पानं उलगडली, वेल आधार शोधू लागला. महिनाभराची वाढ पडद्यावर मिनिटाभरात दिसली. ‘अंकुराची वाढ’ हा तो लघुपट. तो पाहून सावकारांचा विश्वास बसला आणि पैसे मिळाले. त्यात राजा नाही, राणी नाही, कथा नाही, नट म्हणाल तर एक वाटाणा. तरीही संकलनाचं मूळ तत्त्व त्यात पूर्ण आहे. निसर्गाच्या वेळातून कोणते क्षण ठेवायचे आणि कोणते सोडायचे, हे त्या माणसानं ठरवलं होतं. पंधरा वर्षं कलमं बांधणाऱ्यानं तो लघुपट पाहिला असता तर तो पडद्याजवळ जाऊन बसला असता, अशी माझी खात्री आहे. रोजच्या रोज पाहूनही जे डोळ्याला कधी हलताना दिसत नाही, ते तिथं हलत होतं.

पुढं फाळक्यांनी काढलेल्या ‘राजा हरिश्चंद्र’ या चित्रपटाची लांबी 3,700 फूट होती. हा आकडा पुस्तकांत सगळीकडं सापडतो, पण तो उलगडून कुणी सांगत नाही. 35 मिलिमीटर फिल्मच्या एका फुटात 16 चौकटी बसतात, म्हणजे 59,200 चौकटी झाल्या. प्रत्येक चौकटीला दोन्ही कडांना चार-चार भोकं असतात, म्हणजे पावणेपाच लाखांच्या आसपास भोकं. कोरी फिल्म भोकांशिवाय यायची. ती अंधारात यंत्रात घालून भोकं पाडावी लागायची, कारण उजेडाचा एक कवडसा पडला की फिल्म वाया. हे काम रात्री, घरच्या माणसांची जेवणं उरकल्यावर, फाळक्यांच्या पत्नी सरस्वतीबाई करत. हिशेब फक्त शेवटी पडद्यावर आलेल्या फिल्मचा आहे. वाया गेलेली आणि कापून टाकलेली फिल्म यात धरलेलीच नाही.

सरस्वतीबाईंचा उल्लेख बहुतेक वेळा ‘पतीला खंबीर साथ’ अशा शब्दांत उरकला जातो. मला तो अपुरा वाटतो. त्या साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक करत, उन्हात पांढरी चादर धरून नटांच्या चेहऱ्यावर उजेड पाडत, रसायनं कालवत, फिल्म धूत आणि जोडकामातही हात लावत. अनेक जण त्यांना भारतातल्या पहिल्या संकलक म्हणतात, आणि ते म्हणणं मला पटतं. फाळक्यांच्या दादरच्या घरात स्वयंपाकघर आणि प्रयोगशाळा यांच्यात फारसं अंतर नव्हतं. सहा महिने सत्तावीस दिवस चित्रपटाचं काम चाललं. नटांना घरी सांगायला अडचण नको म्हणून ‘हरिश्चंद्राच्या फॅक्टरीत कामाला आहे’ असं सांगा, असा सल्ला फाळक्यांनी दिला होता. परेश मोकाशींनी 2009 मध्ये आपल्या चित्रपटाला तेच नाव दिलं. त्यात नंदू माधव फाळके झाले आहेत. 3 मे 1913 रोजी गिरगावातल्या कोरोनेशन थिएटरात ‘राजा हरिश्चंद्र’ लोकांसाठी लागला.

आता नटांकडं येऊ. हरिश्चंद्र झाले दत्तात्रय दामोदर दाबके, रोहिदास झाला फाळक्यांचाच मुलगा भालचंद्र, आणि तारामतीसाठी बाई मिळेना म्हणून हॉटेलात काम करणारे अण्णा साळुंके उभे राहिले. हे साळुंके 1917 च्या ‘लंकादहन’मध्ये राम झाले आणि सीताही झाले. एका माणसानं पडद्यावर दोघं व्हायचं तर दोन वेगळ्या वेळी घेतलेले तुकडे लागतात. रामाचा चेहरा एका दिवशीचा, सीतेचा दुसऱ्या दिवशीचा. मधल्या वेळात शेला, दागिने, सगळं बदललं. पडद्यावर मात्र विरहात झुरणारी दोन माणसं दिसतात, आणि बघणारे त्यांना हात जोडतात. राम आणि सीता यांच्यामधलं अंतर कात्रीनं भरून काढलेलं होतं. पुढं हेच साळुंके कॅमेरा चालवू लागले. समोर उभं राहून जो एवढं शिकला, त्याला मागं जावंसं वाटणं साहजिक होतं.

चेहरा आणि सांधा यांचं हे नातं पुढं रशियात लेव्ह कुलेशोव्हनं प्रयोग म्हणून मांडलं. एका नटाचा एकच भावहीन चेहरा घेतला. त्याच्यानंतर कधी सूपची वाटी जोडली, कधी शवपेटी, कधी एक स्त्री. बघणाऱ्यांना त्या एकाच चेहऱ्यात भूक, दुःख आणि अभिलाषा दिसली. नटानं काहीच केलं नव्हतं, शेजारच्या चित्रानं केलं होतं. मात्र तेवढ्यावरून नट गौण ठरतो असं म्हणणाऱ्यांशी मी सहमत नाही. फाळक्यांचा 1919 चा ‘कालियामर्दन’ मोठ्या प्रमाणात शिल्लक आहे. त्याच्या सुरुवातीला त्यांची लहानगी मुलगी मंदाकिनी कॅमेऱ्यासमोर येते आणि एकामागून एक भाव दाखवते. आनंद, राग, भीती, लटकी रुसवाफुगवी असे चेहरे येतात आणि जातात. कथा अजून सुरू झालेली नाही. फाळके जणू आधी प्रेक्षकाला चेहरा नीट दाखवून ठेवतात आणि मग त्याच चेहऱ्याला डोहातल्या नागासमोर नेतात. हा चेहरा निवडला, त्यातले कोणते भाव किती वेळ ठेवायचे ते ठरवलं, आणि मुलीला समोर उभं करून ते करून घेतलं. तिन्ही कामं एकाच माणसाची होती. नटांना तो स्वतः करून दाखवायचा, म्हणून कापताना त्याला कळायचं की हावभाव कुठं पिकला आणि कुठून उतरायला लागला. संत्र्याला रंग चढायला लागल्यापासून तोडणीपर्यंतचे दिवस बागवाल्याला मोजता येतात, तसंच.

स्वतंत्र चित्रपटाची गोष्ट पैशापाशी येतेच. ‘स्वतंत्र’ या शब्दाचा साधा अर्थ इतकाच की शेवटचा शब्द काम करणाऱ्याचा. पहिल्या चार-पाच वर्षांत फाळक्यांकडं तो होता, आणि त्याची किंमत म्हणून कर्ज होतं. 1914 मध्ये महायुद्ध सुरू झालं आणि बाहेरून येणारी मदत आटली. 1 जानेवारी 1918 रोजी हिंदुस्तान सिनेमा फिल्म्स कंपनी निघाली. आता भागीदार आले, भांडवल आलं, नाशिकला मोठं काम उभं राहिलं, आणि खर्चावरून, वेळेवरून खटके सुरू झाले. भागीदारांच्या बाजूनंही बोलायला हवं. त्यांचे पैसे अडकले होते, आणि एखादा प्रसंग मनासारखा होईपर्यंत पुन्हा पुन्हा टिपणारा माणूस हिशेबाच्या वहीत बसत नाही. पण ज्याला एकेका चौकटीची सवय आहे, त्याला ‘एवढं चालेल’ हे वाक्य ऐकवत नाही. फाळके कंपनी सोडून काशीला गेले, तिथं ‘रंगभूमी’ नाटक लिहिलं, आणि काही काळानं परत आले. पूर्वीचा हात मात्र परत आला नाही. 1932 च्या ‘सेतुबंधन’ला मागाहून आवाज जोडावा लागला. 1937 चा ‘गंगावतरण’ हा त्यांचा एकमेव बोलपट आणि शेवटचा चित्रपट.

बोलपट आल्यावर कात्रीचं कामही बदललं. आता चित्र कापलं की आवाजही कापला जायचा. मूकपटात सांधा कुठंही देता येत होता, आता तो वाक्याच्या मागं जाऊ लागला. केळफाचा हात ज्या कामासाठी घडला होता ते कामच कमी झालं. मेलिएस तर कित्येक वर्षं पॅरिसच्या एका रेल्वे स्टेशनवर खेळणी विकत बसला होता.

नटानं स्वतःच कात्री धरण्याची परंपरा मात्र थांबली नाही. अमेरिकेत जॉन कॅसाव्हेट्स दुसऱ्यांच्या चित्रपटांत भूमिका करून पैसे मिळवायचा आणि ते स्वतःच्या चित्रपटांत ओतायचा. 1968 च्या ‘फेसेस’चं संकलन काही वर्षं चाललं होतं. कर्ज, घर, घरचीच माणसं आणि रात्रीची कात्री हे चित्र दादरच्या त्या घरापेक्षा फारसं निराळं नाही. आपल्याकडं अक्षय इंडीकरसारखे दिग्दर्शक स्वतःचे चित्रपट स्वतः संकलित करतात. आणि शेंदूरजनाघाटच्या बागेत संध्याकाळी पोरं मोबाइल झाडाच्या खोडाला टेकवून उभा करतात, स्वतः समोर नाचतात किंवा वऱ्हाडी संवाद म्हणतात आणि बांधावर बसून तेच कापतात. त्यांच्यातल्या एकाला मी नुकतंच पाहिलं. त्यानं स्वतःचा एक हशा सात-आठ वेळा मागंपुढं केला आणि शेवटी अर्धा कापला. अर्धा हशा पूर्ण हशापेक्षा जास्त हसवतो, हे त्याला कुणी शिकवलेलं नव्हतं.

एक गोष्ट वऱ्हाडाची म्हणून सांगायला हवी. सी. पी.-बेरार, म्हणजे मध्य प्रांत आणि वऱ्हाड, या भागातल्या चित्रपट वितरणाचं अमरावती हे मोठं केंद्र होतं. इथून फिल्मचे डबे तालुक्यांना, तंबूंना, जत्रेतल्या टूरिंग टॉकीजना जायचे. डबा जितका लांब जायचा, तितकी फिल्म जीर्ण व्हायची. प्रोजेक्टरमध्ये ती तुटली की ऑपरेटर अंधारातच टोकं कापायचा, सिमेंट लावायचा, दाबायचा आणि खेळ पुढं चालू करायचा. प्रत्येक तुटण्यात दोन-चार चौकटी गेल्या. मुंबईत दिसलेला चित्रपट आणि महिन्यांनंतर सातपुड्याच्या पायथ्याशी दिसलेला चित्रपट अगदी एकच नसायचा. कुठं वाक्य मध्येच उडी मारायचं, कुठं नायकाचा हात एका झटक्यात खाली यायचा. त्या ऑपरेटरांची नावं कुठल्याही श्रेयनामावलीत नाहीत, पण आपल्या आजोबांनी जे चित्रपट पाहिले त्यांचा शेवटचा सांधा त्यांचाच होता.

फाळक्यांचं बरंच काम आता उरलेलं नाही. त्यांच्या नावावर नव्वदहून जास्त चित्रपट सांगितले जातात, आणि पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात त्यातले थोडे तुकडे आहेत. ‘राजा हरिश्चंद्र’ची पहिली आणि शेवटची रिळं आहेत, तीसुद्धा 1917 मध्ये पुन्हा केलेल्या चित्रपटाची असावीत असं अभ्यासक मानतात. मधली दोन रिळं गेली. ती नायट्रेटची फिल्म होती. ती आपोआप कुजते, तिचा भुगा होतो, ती पेट घेते.

त्याच 1917 च्या सुमाराचा ‘चित्रपट कसे तयार करतात’ हा लघुपट मात्र काही अंशी शिल्लक आहे. त्यात फाळके स्वतः दिसतात. नटांना सूचना देतात, आणि एका ठिकाणी फिल्मची पट्टी हातात धरून न्याहाळतात. या वेळी केळफाचा वेश नाही, कसली जादू नाही, नेहमीचं काम करणारा माणूस आहे. पण हे काम करताना दिसायचं म्हणून त्याला कॅमेऱ्यासमोर बसून तेच काम करून दाखवावं लागलं. नंतर तीच फिल्म धुऊन वाळल्यावर, कॅमेरा सुरू होतानाच्या पांढुरक्या चौकटी काढायला, तो पुन्हा पट्टी हातात घेऊन बसला असणार. हातातल्या पट्टीवर तोच माणूस होता, पट्टी पाहत बसलेला, आणि कुठं कापायचं ते ठरवायचं होतं.